मालक जोडला गेला

७ जून

मावशी,

नमस्कार दोन्ही हातांनी करतात, पण आज एकाच हाताचा घे. डाव्या हाताची दोन बोटं दारात सापडली. वेंधळेपणा, दुसरं काय! तू म्हणायचीसच की ठमीला दार दिसतं, चौकट दिसत नाही. उजवा हात शाबूत आहे म्हणून लिहायला बसले.

फोन सोडून पत्र कसं, म्हणून तुझ्या कपाळाला आठ्या पडल्या असतील. सांगते. माझ्या फोनवर ह्यांचं फार लक्ष असतं. काळजी वाटते त्यांना. मी घरात काय उघडलं, काय पाहिलं, ते ह्यांना ऑफिसात बसल्या बसल्या दिसतं. परवा मी एक वेबसाइट उघडली, अगदी दोन मिनिटं, तर संध्याकाळी हे तिचं नाव घेतच घरात शिरले. कोणती वेबसाइट ते जाऊ दे. पण तेव्हापासून डोक्यात एकच किडा वळवळतोय, की हे कळतं कसं?

तुझं आयुष्य इमारतींमधून तारा ओढण्यात गेलं. आमच्या लग्नात सगळ्यांनी भांडी दिली आणि तू राउटर दिलास, तेव्हा मी तोंड वाकडं केलं होतं. आता कान पकडते. मला हे सगळं पहिल्यापासून शिकव. राउटर सध्या लोखंडी पेटीत आहे, भिंतीवर, कुलपात. धूळ बसते म्हणून ह्यांनी ठेवलाय.

उत्तर घरी नको. चष्म्याच्या दुकानाच्या पत्त्यावर पाठव. मी अर्धा दिवस तिथे असते आणि दुकानाच्या बाई दुसऱ्याची पत्रं फोडत नाहीत. आईला यातलं काही बोलू नकोस, ती लगेच जावयांना फोन लावेल.

तुझी ठमी


१५ जून

ठमे,

आशीर्वाद भरपूर आणि एक टप्पल. इतकी वर्षं मी नेटवर्कबद्दल बोलत होते आणि तू जांभया देत होतीस. आता आली का अक्कल? बरं, बस समोर.

हार्डवेअर म्हणजे जे माझ्या पाठीवर असतं ते: तारा, डबे, शिडी. सॉफ्टवेअर डोक्यावर बसतं. तुमच्या घरात बाहेरून एक बारीक तार येते. खिडकीच्या चौकटीतून आत येऊन चपलांच्या कपाटावरच्या पांढऱ्या डबीत शिरते आणि तिथून राउटरमध्ये. राउटर हा घराचा दरवान. फोन, टीव्ही, लॅपटॉप, जे कोणी घरात येईल त्याला तो एकेक पत्ता देतो आणि सगळ्यांची यादी ठेवतो. तू काही मागवलंस की ते तुकड्यातुकड्यांत येतं, प्रत्येक तुकड्यावर कुठून कुठे ते लिहिलेलं. आतला मजकूर बहुतेक वेळा कुलपात असतो, पण पाकिटावरचं नाव दरवानाला वाचता येतं. दरवानाचा पासवर्ड ज्याच्याकडे, त्याला सगळी हजेरी कळते. जावईबापूंकडे तो आहे, इतकंच. जादूटोणा नाही.

आणि एक गोष्ट पक्की ध्यानात ठेव, इथे भलेभले गोंधळतात. घरातलं नेटवर्क वेगळं आणि इंटरनेट वेगळं. बाहेरची तार निघाली तरी घरातली यंत्रं आपापसात बोलत राहतात.

दरवान परत तुझ्या ताब्यात हवा असेल तर राउटरच्या पाठीला एक बारीक छिद्र आहे. त्यात टोकदार काहीतरी घालून दिवे विझेपर्यंत दाबून धर. तो सगळं विसरतो, कारखान्यातून आल्यासारखा कोरा होतो. मग बुडाच्या चिठ्ठीवरचा पासवर्ड चालतो. माझ्या घरी त्याचाच भाऊ आहे, चिठ्ठी दोघांची सारखी, मी खाली उतरवून देते. वायफायचं नाव मात्र पुन्हा जुनंच ठेव, 'आधी जेवून घे', आणि पासवर्ड 'मग बोलू'. म्हणजे घरातली यंत्रं आपणहून जोडली जातील. नात्यात जिथे जिथे मी नेट बसवलं तिथे हेच नाव, हाच पासवर्ड. माझ्याही घरी हेच. धंद्यात असं कधी करू नये म्हणून मी हाताखालच्या पोरांवर डाफरते आणि स्वतः करते, कारण कोणाच्याही घरी गेलं की माझा फोन न विचारता जोडला जातो.

नवऱ्याची जरा जिरव. बायकोने दरवान पळवला म्हणून चार दिवस गाल फुगवून बसेल, मजा बघ. आणि बोटांना बर्फ लाव, वेंधळे.

मावशी


२ जुलै

मावशी,

अक्षर वाचता येत नसेल तर दुसऱ्या कोणाकडून वाचून घेऊ नकोस, डोळे ताणून तूच वाच. डाव्या हाताने लिहितेय. उजव्या हाताची तीन बोटं मोडली आहेत.

तू सांगितलंस तसं केलं. पेटीला हवेसाठी जाळी आहे. दुकानातला चष्म्याचा स्क्रूड्रायव्हर आत घातला, छिद्र सापडलं, दिवे विझले. तुझ्या चिठ्ठीवरचा पासवर्ड लागला. नाव जुनंच ठेवलं. मग यादी उघडली. टीव्ही, माझा फोन, दुकानाच्या कामाचा जुना लॅपटॉप. त्याच्या फोनला त्याने नाव दिलंय 'मालक'. यादीत सगळ्यात वर. आणि त्याखाली दोन कॅमेरे.

दाराजवळचा मला माहीत होता. दुसरा शोधत मी घरभर फिरले. झोपायच्या खोलीतल्या घड्याळात होता. म्हणजे आईला फोनवर सांगता येत नाही ते दार लावून मी तिच्या फोटोशी बोलायचे, रडायचे, अंगावरचे वळ आरशात बघायचे, तेही तो ऑफिसात बसून बघत होता.

त्याचा पासवर्ड चालेना म्हणून तो दुपारीच घरी आला. ओरडला नाही. तो ओरडत नाहीच. चावीने पेटी उघडली, माझा हात धरला, बोटं पेटीच्या कडेवर ठेवली आणि लोखंडी दार लावलं. मग उघडून पुन्हा लावलं. दवाखान्यात डॉक्टरांना मीच सांगितलं की दारात सापडली. तो बाजूला उभा राहून माझे केस नीट करत होता.

मागच्या वेळीही सापडली नव्हती. धरली होती. ती वेबसाइट मारहाण होणाऱ्या बायकांसाठी होती. तुला खोटं लिहिलं कारण लाज वाटली, आणि तू येऊन तमाशा केला असतास तर तू गेल्यावर मला कोणी वाचवलं असतं?

राउटरचा पासवर्ड त्याने बदलला, वायफायचं नाव आणि पासवर्ड तेच ठेवले. सगळं पुन्हा जोडायचा कंटाळा. काल म्हणाला, पुढच्या वेळी बोटांवर थांबणार नाही. तो जे बोलतो ते करतो. मला इथून बाहेर काढ.

ठमी


६ जुलै

ठमे, माझ्या बाळा,

तुझं पत्र वाचून मी हातातली शिडी भिंतीवर फेकली. भिंतीचा पोपडा निघाला. त्या माणसाचा गळा माझ्या हातात असता तर मी तारेने आवळला असता आणि वर गाठ मारली असती. मी तुला 'मजा बघ' लिहिलं! त्या दोन शब्दांसाठी मला स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावीशी वाटतेय. पण ते नंतर. आता डोकं थंड ठेवून वाच, पाठ कर आणि पत्र चुलीत घाल.

येत्या मंगळवारी तो ऑफिसला गेला की लॅपटॉप उघड. काळी खिडकी उघडायची, ती कशी ते मागच्या बाजूला लिहिलंय. त्यात 'पिंग' असं इंग्रजीत लिही आणि पुढे यादीत पाहिलेला 'मालक'चा पत्ता. पिंग म्हणजे हाक. लॅपटॉप त्याच्या फोनला हाक मारत राहील, आहेस का, आहेस का. तो दूर असेल तोवर उत्तर येणार नाही. तुमचं वायफाय खाली गाड्या लावतात तिथपर्यंत पोचतं, मीच बसवलंय. तो खाली आला की फोन आपणहून जोडला जाईल आणि उत्तर येऊ लागेल. खिडकी बंद केली की मागे काही उरत नाही.

मग चपलांच्या कपाटावरच्या पांढऱ्या डबीतून बाहेरून आलेली बारीक तार काढ. फक्त तीच. विजेच्या बटणाला हात लावू नकोस. इंटरनेट गेलं की त्याला कॅमेऱ्यातून काही दिसणार नाही आणि तो नेटच्या कंपनीला शिव्या घालत बसेल. पण घरातलं नेटवर्क चालूच राहील, म्हणजे तुझी हाक चालू राहील. तो आंधळा आणि तुला कान. आलं लक्षात?

एका पिशवीत मावेल तेवढंच घे, कागदपत्रं आधी. तुझा फोन तिथेच गादीवर टाकून ये. भरून झालं की निघ, आणि त्याआधीच उत्तर आलं तर असशील तशी मागच्या जिन्याने उतर. जिन्यापाशी माझी गाडी असेल, शिड्या बांधलेली. मी आत बसलेली असेन आणि माझ्या हातात हातोडा असेल.

मावशी


२१ जुलै

आदरणीय मावशी,

सप्रेम नमस्कार. आपली प्रकृती उत्तम असेल अशी आशा करतो.

आपली भाची गेल्या मंगळवारपासून घरी नाही. दुर्दैवाने त्या दिवशी इंटरनेट बंद पडले होते, त्यामुळे घराकडे माझे लक्ष राहिले नाही. मी कंपनीला फोन करून चांगलेच फैलावर घेतले. कॅमेरे दिसेनात म्हणून शेवटी स्वतः घरी गेलो, तर गॅसवर दूध उतू जात होते. म्हणजे ती नुकतीच निघाली होती. मी येतोय हे तिला कोणी कळवले, हे कोडे मला अजून सुटलेले नाही.

तिचा स्वभाव आपण जाणताच. धांदरट आहे. सारखी कुठेतरी आपटते, बोटे चेंगरून घेते. मी तिला सांभाळून घेतले आहे. तिच्या आईंचेही हेच मत आहे. त्या रोज फोनवर रडतात आणि मला म्हणतात, तुम्हीच समजूतदार आहात.

ती आपल्याकडे नाही असे आपण फोनवर म्हणालात. मी विश्वास ठेवतो. तरीही एकदा येऊन जावे म्हणतो. जे माझे आहे ते मी दुसऱ्याकडे राहू देत नाही. आपण एकट्या राहता, वयही झाले. घराला भक्कम दारे आहेत ना?

आपला जावई


२५ जुलै

जावईबापू,

पत्र पोचलं. माझी प्रकृती ठणठणीत आहे, शिडीवरून अजून पडलेली नाही.

ठमी इथे नाही. नेट का गेलं म्हणाल तर काय सांगू, तार आहे ती, जाते कधीकधी. कंपनीच्या पोराला उगाच झापलंत, त्याची माफी मागा.

दारांची चौकशी केलीत, बरं वाटलं. पुढचं शटर इतकं जड आहे की दोघांशिवाय उचललं जात नाही. मागच्या दाराला लोखंडाची साखळी आहे. येऊ नका. म्हाताऱ्या बाईचा सल्ला आहे, फुकट आहे, घ्या.

ठमीची मावशी


१९ ऑगस्ट

मावशी,

नमस्कार दोन्ही हातांचा. एक वाकडा आहे, तरी दोन्ही.

काल फोनवर मी 'सगळं ठीक' म्हणाले. ते निम्मं खरं होतं. सगळं बोलले असते तर तू ते रुग्णालयाचं तारांचं काम अर्धवट टाकून गाडी भरधाव हाकत आली असतीस आणि वाटेत कोणाला तरी उडवलं असतंस. म्हणून हे पत्र. आधी शेवट सांगते: मी जिवंत आहे, तो कोठडीत आहे. आता सावकाश वाच.

तू निघायच्या आदल्या दिवशीची आपली वादावादी आठवते? तू राउटरसमोर बसून वायफायचं नाव बदलणार होतीस. म्हणालीस, मी किती मूर्ख, त्याच्या घरचं आणि माझ्या घरचं नाव एकच, पासवर्ड एकच, तो गल्लीत आला तरी त्याचा फोन इथे जोडला जाईल. मी तुझा हात धरला आणि म्हटलं, जोडला जाऊ दे. तो आला की त्याचाच फोन येऊन सांगेल. तू म्हणालीस, पोरगी तयार झाली. मग आपण कामाच्या टेबलावरच्या कॉम्प्युटरला यादीवर नजर ठेवायला बसवलं. 'मालक' दिसला की घंटी वाजव.

तू गेल्यापासून कॉम्प्युटर गप्प होता. मी आपली तारांची टोकं चिमट्याने दाबत बसायचे. वाकड्या बोटांनी जमत नाही, पण डाव्या हाताने जमायला लागलंय.

काल जेवून ताट घासत होते तेव्हा घंटी वाजली. यादीत सगळ्यात खाली तेच नाव. पहिला विचार तू शिकवलेला: मागच्या दाराने अंगणापलीकडच्या सुतारकाकांकडे पळायचं. साखळीला हातही घातला होता. मग तुझंच दुसरं बोलणं आठवलं. तुझ्या घरात वायफायचे दोन डबे आहेत, एक पुढे तुझ्या तारांच्या दुकानात, एक मागे अंगणात, आणि यादीत कोण कोणत्या डब्याला जोडलंय तेही दिसतं. परत येऊन पाहिलं. मालक मागच्या डब्याला जोडलेला होता.

तो अंगणात उभा होता, मावशी. दार उघडलं असतं तर त्याच्या मिठीतच पडले असते.

पुढचं शटर माझ्याच्याने उचलवत नाही. पोलिसांना फोन लावला, पत्ता सांगितला. सुतारकाकांना लावला, त्यांची करवत चालू, कोण ऐकतंय! साखळी घातलेलीच होती. मी तारांचं जड गुंडाळं ढकलत दारापर्यंत आणलं, तोवर पहार कुलपावर बसली. एक घाव, दोन घाव, कुलूप तुटून फरशीवर पडलं. दार साखळीपुरतं उघडलं आणि फटीतून त्याचा डोळा दिसला. तो हसला. म्हणाला, "ठमे, जेवलीस का?" त्याच घरातल्या आवाजात. मी आजवर त्या आवाजाला 'हो' म्हणत आले. कालही तोंडातून 'हो' निघणार होतं, इतकी सवय झाली होती.

मग तो म्हणाला, "तुझी मावशी येईपर्यंत तुझा चेहरा तिला ओळखू येणार नाही, असं करून ठेवतो." आणि साखळी काढायला फटीतून हात आत घातला. चारही बोटं चौकटीवर.

मी ती बोटं पाहिली. स्वच्छ होती, नखं कापलेली. पेटीचं दार लावणारी तीच. मी विचार केला असं म्हणणार नाही, कारण केला नाही. गुंडाळ्याला पाय रोवून पाठ दारावर टाकली, सगळं अंग टाकलं. मोडल्याचा आवाज मला ओळखीचा आहे. तो ओरडला. पहिल्यांदाच ओरडलेला ऐकला. पहार अंगणात पडली. त्याने हात ओढायचा प्रयत्न केला, निघेना. मी दार सोडलं नाही. जरा उघडून पुन्हा लावलं. हे तुला खरं सांगते, बाकी कोणाला सांगणार नाही. मला वाईट वाटलं नाही. अजूनही वाटत नाही. रात्री मात्र सुतारकाकूंनी मला कुशीत घेऊन झोपवलं.

त्याच्या ओरडण्याने काका करवत टाकून धावत आले, हातात रंधा. त्यांनी त्याला मागून दाबून धरला तेव्हा मी दार सोडलं. तो जमिनीवर बसला, हात पोटाशी धरून, आणि माझ्याकडे बघत एकच विचारत होता, "तुला कळलं कसं? त्या दिवशीही आणि आजही. कोण सांगतं तुला?" त्याचा फोन खिशातच होता, आपल्या वायफायला छान जोडलेला.

पोलीस आले. पहार, तुटलेलं कुलूप, त्याने तुला लिहिलेलं पत्र, सगळं घेऊन गेले. पोलीस बाईंनी माझा जबाब लिहून घेतला. त्याचा हात फडक्यात गुंडाळलेला होता आणि रक्त ठिबकत होतं. बाईंनी विचारलं, "ह्याच्या बोटांना काय झालं?"

मी म्हटलं, "दारात सापडली."

त्यांनी मान वर केली. फूलस्केपवर ठेवलेल्या माझ्या उजव्या हाताकडे, त्या तीन वाकड्या बोटांकडे बराच वेळ बघितलं. मग खाली मान घालून तसंच लिहिलं.

ठमी